सासूबाईंची भेट आणि दुसऱ्यांची नावे

एका वाचक भगिनीचे दीर्घ पत्र आले आहे. ओळख पटू नये म्हणून काही तपशील बदलून त्याचा गोषवारा इथे देत आहे.

त्यांचे माहेर गोंदिया जिल्ह्यातल्या अर्जुनी मोरगाव तालुक्यात. त्याच तालुक्यात गोठणगावजवळ नोर्ग्येलिंग ही तिबेटी निर्वासितांची वसाहत आहे आणि त्यांचे पती तिथे आपल्या मामांकडे राहत असत. पतींचा जन्म मात्र तिबेटच्या आम्दो प्रांतातला. १९९८ साली, ते अकरा वर्षांचे असताना, आईने त्यांना गावातल्या काही मोठ्या मुलांबरोबर पाठवून दिले. नांगपा ला ही बर्फाची खिंड पायी ओलांडून ते नेपाळमार्गे धरमशाळेला पोचले. त्यानंतर मायलेकांची भेट झालेली नाही. लग्नानंतर, २०११ साली, भगिनींच्या नोकरीमुळे दोघे स्वित्झर्लंडला गेले आणि तिथे दोघेही तिबेटच्या चळवळीत ओढले गेले. पती तिबेटी लोकांच्या स्थानिक मंडळाच्या कार्यकारिणीवर आहेत. भगिनी जर्मनमधून पत्रके लिहितात, सभांत बोलतात. आता दोघांकडेही स्विस नागरिकत्व आहे.

यंदा १० मार्चच्या, म्हणजे तिबेटी उठावाच्या स्मृतिदिनाच्या मोर्चानंतर आठ दिवसांनी पतींना एका अनोळखी माणसाचा फोन आला. तो आम्दोच्या बोलीत बोलत होता. त्याला नणंदेचे नाव ठाऊक होते, सासूबाईंच्या गुडघेदुखीचीही खबर होती. गावी जायला व्हिसा मिळू शकेल, असे तो म्हणाला. फक्त मंडळातून बाहेर पडा, मोर्चात दिसू नका, आणि अधूनमधून चहाला येऊन मंडळात कोण येते-जाते ते सांगत जा. पती म्हणतात की तिसरी गोष्ट मी कधीच करणार नाही, पण पहिल्या दोन करायला तयार आहे, कारण आई आता अठ्ठ्याहत्तर वर्षांची आहे. ‘मी त्याला म्हणाले, तू आपली एवढ्या वर्षांची मेहनत विकायला निघाला आहेस. तेव्हापासून घरात कामापुरतेच बोलणे आहे. मी चुकले का? त्याला अडवू की जाऊ देऊ? आमच्या मोर्चांमुळे सासूबाईंना त्रास होतो का? आणि मी तर तिबेटी नाही. मला यात बोलायचा अधिकार तरी आहे का? नऊ वर्षांच्या लेकीला काय सांगू?’

प्रिय ताई,

तुमच्या पत्रातले फोनचे वर्णन मी तीनदा वाचले. महिन्यातून एकदा नणंद वीचॅट या चिनी ॲपवर फोन लावते आणि सासूबाईंच्या कानाशी धरते. त्या विचारतात, जेवलास का. तुमचे यजमान हो म्हणतात. मग बर्फ पडला का, याक बरे आहेत का, एवढेच. वीचॅटवर पाळत असते हे दोन्हीकडे ठाऊक असल्यामुळे कोणाचे नाव नाही, दलाई लामांचा उल्लेख नाही, ‘कधी येशील’ हा प्रश्नही नाही. बोलणे दोन मिनिटांत संपते, पण फोन कोणीच ठेवत नाही. नणंद ‘बॅटरी संपते आहे’ म्हणेपर्यंत दोघे एकमेकांचा श्वास ऐकत बसतात. मार्चनंतर नणंदेने ‘काही दिवस फोन करू नका’ असा निरोप दिला आणि तेवढेही थांबले. आता मी जे लिहिणार आहे ते तो मुका फोन डोळ्यांपुढे ठेवूनच लिहिणार आहे, कारण तुमच्या यजमानांना आलेला प्रस्ताव नेमका त्या मुकेपणावर बोट ठेवून आलेला आहे.

त्या माणसाने तीन वेगवेगळ्या गोष्टी एका गाठोड्यात बांधून तुमच्या दारात ठेवल्या: आईला भेटायला जाणे, चळवळीतून बाजूला होणे, आणि इतरांची माहिती देणे. तुम्ही ते गाठोडे न सोडता, आहे तसे उचलून ‘विकणे’ असे नाव दिले. यजमानांनी मात्र ते सोडून पाहिले होते. तिसरी गोष्ट करणार नाही, हे त्यांनी तुम्ही विचारण्याआधीच सांगितले. माझ्या मते तुमची चूक झाली असेल तर ती इथे आहे. तुमचा राग ज्या गोष्टीबद्दल रास्त ठरला असता, तिला त्यांनी आधीच नकार दिला होता, आणि तरी तो शब्द त्यांना ऐकावा लागला. तेव्हा काहीही ठरवण्याआधी तेवढा शब्द मागे घ्या. मतभेद मागे घ्यायची गरज नाही. तो खरा आहे आणि मांडला पाहिजे.

आता त्या तीन गोष्टी एकेक करून पाहू.

तिसऱ्या गोष्टीपासून सुरुवात करते, कारण तिथे माझ्या मनात कसलाही किंतु नाही. स्वतः गप्प बसायचे की नाही हे माणूस ठरवू शकतो, पण मंडळात येणाऱ्या माणसांची नावे त्याच्या मालकीची नसतात. त्या प्रत्येक नावामागे तिकडे एक घर आहे, एक बहीण आहे, एक गुडघे दुखणारी आई आहे. ‘कोण येते-जाते’ हा प्रश्न ऐकायला साधा वाटतो आणि उत्तरही निरुपद्रवी वाटते, परंतु याच मार्गाने कोणीतरी तुमच्या नणंदेचे नाव आणि सासूबाईंचे दुखणे त्या माणसापर्यंत पोचवले असणार, हे विसरू नका. शिवाय स्वित्झर्लंडच्या दंडसंहितेचे २७२ वे कलम परक्या देशासाठी तिथल्या रहिवाशांविरुद्ध राजकीय माहिती गोळा करणे हा गुन्हा मानते. म्हणजे चहाचे ते आमंत्रण स्वीकारणे यजमानांना कायद्यानेही अडचणीत आणू शकते, आणि एकदा अडचणीत आलेल्या माणसाकडून पुढच्या वेळी आणखी काढून घेणे सोपे जाते. यजमान ठाम आहेत, ही तुमच्या घरातली फार मोठी गोष्ट आहे. तुम्ही त्यांना तसे सांगितले आहे का?

दुसरी गोष्ट, चळवळीतून बाजूला होणे. तुमच्या पत्रात असे गृहीत धरलेले दिसते की कार्यकारिणीचा राजीनामा म्हणजे पाठ फिरवणे. मला तसे वाटत नाही. खुद्द दलाई लामांनी २०११ साली आपले सगळे राजकीय अधिकार निवडून आलेल्या नेतृत्वाकडे सोपवले, आणि त्यामुळे तिबेटचा प्रश्न त्यांनी सोडून दिला असे कोणी म्हटले नाही. चळवळीत मोर्चाच्या पहिल्या रांगेखेरीज पुष्कळ जागा असतात. मुलांना रविवारी तिबेटी लिहायला-वाचायला शिकवणे, नव्याने आश्रय मागणाऱ्याबरोबर दुभाषा म्हणून जाणे, म्हाताऱ्या माणसांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करून ठेवणे, ही कामे फोटोत येत नाहीत आणि वर्षानुवर्षे माणसे मिळत नाहीत म्हणून अडून राहतात. यजमान दमले असतील, तर त्यांना दमण्याचा हक्क आहे. माझी अट एकच आहे: बाजूला व्हायचे असेल तर ते मंडळाला सांगून, स्वतःच्या कारणाने आणि स्वतः निवडलेल्या वेळी व्हावे. त्या फोनवरच्या माणसाला ‘मी सोडले’ असे कळवायला जाऊ नये, कारण ज्या दिवशी तसे कळवले जाईल त्या दिवसापासून यजमानांच्या गप्प बसण्याचा हिशेब तो माणूस ठेवू लागेल.

पहिली गोष्ट सगळ्यांत अवघड आहे, आणि इथे मी तुम्हाला जरा अडवणार आहे. तुमचे आईवडील अर्जुनी मोरगावला आहेत. विमानाचे तिकीट काढले की दोन दिवसांत तुम्ही त्यांच्या अंगणात असता. दर दोन वर्षांनी जाताही. यजमानांनी ते पाहिले आहे. तुमच्या आईने तुमच्या डोक्याला तेल लावलेले पाहिले आहे. आयुष्यातली कितीतरी वर्षे ठरावीक मुदतीने पोलिसांत जाऊन निर्वासित नोंदणीच्या दाखल्याचे नूतनीकरण करून घेणाऱ्या माणसाला चाळिशीच्या उंबरठ्यावर पहिल्यांदा एका देशाचे पासपोर्ट मिळते, तेव्हा त्याच्या मनात पहिला विचार आईच्या दाराचा येणे किती स्वाभाविक आहे! तुम्ही काळ मोजता तो चळवळीच्या वर्षांनी, ते मोजतात आईच्या वयाने. दोन्ही मोजमापे खरी आहेत. ती एकमेकांना समजावून न सांगता तुम्ही भांडलात, म्हणून ते भांडण इतके लागले.

एवढे म्हणूनही, मला विचाराल तर त्यांनी या माणसाच्या मार्फत जाऊ नये, असेच मी सांगेन. स्विस पासपोर्ट हे सीमेच्या अलीकडे भक्कम कवच आहे. पलीकडे त्याचा किती उपयोग होईल याची खात्री देता येत नाही. चीन दुहेरी नागरिकत्व मानत नाही आणि आपल्या भूमीवर जन्मलेल्या माणसाला परदेशी मानायला अनेकदा खळखळ करतो. हाँगकाँगमध्ये पुस्तके प्रकाशित करणारे ग्वी मिनहाई स्वीडनचे नागरिक होते. २०१५ साली ते थायलंडमधून नाहीसे झाले आणि २०२० साली चीनमधल्या न्यायालयाने त्यांना १० वर्षांची शिक्षा सुनावली. प्रत्येक प्रवाशाचे असे होते असे माझे म्हणणे नाही. काही तिबेटी माणसे परदेशी पासपोर्टवर जाऊन, आईवडिलांना डोळे भरून पाहून परतलेली आहेत. पण ज्याला प्रवासाआधीच अट घातली गेली आहे, त्याला तिथे पोचल्यावर आणखी अटी घातल्या जातील हे धरून चालले पाहिजे, आणि तेव्हा नकार देताना आई शेजारच्या खोलीत असेल.

तरीही शेवटचा निर्णय त्यांचा आहे. जायचेच ठरले तर नेहमीच्या मार्गाने, उघडपणे अर्ज करावा. अर्जाच्या वेळी तिकडच्या नातेवाइकांची नावे-पत्ते आणि परदेशातल्या वागणुकीबद्दल लेखी हमी मागितली जाऊ शकते. कशावर सही करायची आणि कुठे उठून यायचे, हे घरी बसून, शक्यतो वकिलाच्या सल्ल्याने, आधी ठरवून जावे. लेकीला बरोबर नेऊ नये. रोजचा फोन घरी ठेवावा, कारण त्यात मंडळातल्या सगळ्यांचे क्रमांक आहेत. प्रवासाच्या तारखा स्विस परराष्ट्र खात्याकडे नोंदवाव्यात. आणि असेच पत्र लिहू पाहणाऱ्या ज्या वाचकांकडे अजून नागरिकत्व नाही, केवळ निर्वासित म्हणून आश्रय आहे, त्यांनी एक गोष्ट पक्की लक्षात ठेवावी: स्वित्झर्लंडमध्ये मान्यताप्राप्त निर्वासिताला मायदेशी जाण्याची मनाई आहे आणि गेल्यास तो दर्जा काढून घेतला जाऊ शकतो. युरोपातल्या इतर देशांतही असा प्रवास आश्रयाच्या मुळावर येऊ शकतो. इराण, म्यानमार किंवा तुर्कस्तानातून आलेल्या माणसाशी संसार थाटलेल्या मराठी मुलींनाही हे लागू आहे.

तुम्ही विचारता, आमच्या मोर्चांमुळे सासूबाईंना त्रास होतो का. होत असेल. मार्चमध्ये फोन थांबला, त्याचा मोर्चाशी संबंध असण्याची शक्यता मी नाकारणार नाही. परंतु या प्रश्नात दडलेला दुसरा भाग तपासून पाहा: आम्ही गप्प बसलो तर त्यांना त्रास होणार नाही, असे तुम्ही धरून चालला आहात. २००८ च्या आंदोलनानंतर तिबेटमधून बाहेर पडण्याच्या वाटा जवळजवळ बंद झाल्या. पूर्वी वर्षाला दोन-तीन हजार माणसे डोंगर ओलांडून येत, ती संख्या पुढे शंभराच्याही खाली आली. २०१२ साली तिबेट स्वायत्त प्रदेशातल्या सामान्य माणसांची पासपोर्ट परत मागवली गेली. ज्यांचे कोणीही परदेशात घोषणा देत नव्हते त्यांचीही गेली. म्हणजे तुमच्या गप्प बसण्याने सासूबाईंना सुरक्षितता मिळेलच असे नाही, आणि तुमच्या बोलण्याचा त्रास त्यांना कोणी दिला असेल तर तो देणाऱ्याने दिला आहे. तुम्ही त्याचे ओझे वाहू नका, मात्र धोका विसरूही नका. फोटोत कोणाचे चेहरे जातात, सभेत घरची कोणती हकीकत सांगितली जाते, गावाचे नाव घेतले जाते का, एवढे तरी तुमच्या हातात आहे. सासूबाईंचा फोटो तुम्ही मागे एका पत्रकावर छापला होता असे लिहिले आहे. तो पुन्हा वापरू नका.

त्या अनोळखी माणसाच्या फोनची नोंद करा. तारीख, वेळ, क्रमांक, शक्य तितके त्याचेच शब्द. आठवण ताजी आहे तोवर दोघांनी मिळून लिहून काढा. मंडळाच्या अध्यक्षांना सांगा, कारण असा फोन एकालाच येत नाही आणि ज्याला येतो तो लाजेने गप्प राहतो, हीच फोन करणाऱ्याची खरी ताकद असते. पोलिसांनाही कळवा. स्वित्झर्लंडमध्ये तिबेटी समाज सात-आठ हजारांच्या घरात आहे, युरोपातल्या सगळ्यांत मोठ्या तिबेटी समाजांपैकी एक, आणि २०२५ च्या फेब्रुवारीत तिथल्या सरकारने स्वतःच्या अहवालात मान्य केले की तिबेटी आणि उइगुर माणसांवर तिथेही चीनकडून दबाव येत असावा, त्यांच्यावर पाळत राहत असावी. तेव्हा तुमचे म्हणणे कोणाला नवलाचे वाटणार नाही.

आता तुमच्या अधिकाराचा प्रश्न. वर्ध्यात जन्मलेले पांडुरंग खानखोजे १९०६ साली देशाबाहेर पडले, अमेरिकेत गदर चळवळीत शिरले, इराणात इंग्रजांविरुद्ध लढले आणि मायदेशाचे दार बंद झाल्यावर १९२४ साली मेक्सिकोला पोचून तिथे शेतकीचे प्राध्यापक झाले. त्यांनी लग्न केले ते एका बेल्जियन स्त्रीशी. भारताचा स्वातंत्र्यलढा हा काही तिच्या जन्माचा वारसा नव्हता, तरी त्या लढ्यापायी देशोधडीला लागलेल्या माणसाचा संसार तिने केला, आणि स्वातंत्र्यानंतर तो नागपूरला परतला तेव्हा ज्या मुलखाशी तिचे कसलेही नाते नव्हते त्या मुलखात तीही आली. तिला बोलायचा अधिकार नव्हता असे आपण आज म्हणू का? परागंदा माणसाशी लग्न करणारी बाई त्याच्या हद्दपारीचा निम्मा भार उचलते, मग तिचा जन्म कुठलाही असो. तुम्हाला अधिकार आहे. त्याची हद्द मात्र ओळखा: चळवळीने काय करावे, मुलीला कसे वाढवावे, घराला किती धोका पत्करता येईल, यावर तुमचा शब्द यजमानांच्या शब्दाइतकाच वजनदार आहे. आईला भेटावे की भेटू नये, यावर तुम्ही मत द्या आणि मग मागे सरा.

बोलायला बसाल तेव्हा हा विषय रात्री लेक झोपल्यावर, दमलेल्या अवस्थेत काढू नका. सुटीच्या दिवशी बाहेर पडा, फोन घरी ठेवा, आणि सुरुवात व्हिसापासून न करता आईपासून करा. ती कशी हसते, निघताना तिने काय बांधून दिले होते, तिला त्या रात्री माहीत होते का की इतकी वर्षे भेट होणार नाही. तुम्ही पंधरा वर्षांच्या संसारात यातले किती विचारले आहे, याची मला शंका वाटते, कारण पत्रात सासूबाईंचे दुखणे आहे, वय आहे, पण त्या स्वतः कुठे दिसत नाहीत. आणि ज्याला दोघेही टाळत आहात तो प्रश्नही तिथेच काढा: भेट न होताच त्या गेल्या तर काय करायचे. परदेशी राहणाऱ्या कितीतरी तिबेटी घरांनी हे सोसले आहे. एकोणपन्नास दिवसांचे विधी दूर देशी, लोण्याच्या दिव्यांपुढे बसून केलेले आहेत. ते कुठे करायचे, कोणाला बोलवायचे, हे आधी बोलून ठेवणे अभद्र नाही. यजमानांच्या मनात हे चित्र रोज येतच असणार. ते त्यांना एकट्याने पाहावे लागू नये एवढ्यासाठी बोला.

फोन पुन्हा कधी सुरू करायचा, हे नणंदेला ठरवू द्या. तिकडची हवा तिलाच कळते. सांकेतिक शब्द वगैरे वापरू नका, साधे बोला.

लेकीला खरे सांगा, तिच्या वयाला पेलेल इतके. आजी एका गावात राहते, बाबांना तिथे जाता येत नाही कारण तिथले सरकार येऊ देत नाही, आणि आजीला त्रास होऊ नये म्हणून आपण तिचा आवाज किंवा फोटो कोणालाही पाठवत नाही. नऊ वर्षांच्या मुलीला हे समजते. आई-बाबा का बोलत नाहीत, हे मात्र तिला समजत नाही, आणि त्याचा अर्थ ती स्वतःच्या मनाने लावत असेल.

एक शेवटची सूचना, जिचा त्या व्हिसाशी काही संबंध नाही. नोर्ग्येलिंगमधले मामा हे सासूबाईंचे सख्खे भाऊ. त्यांना लहानपणापासून ओळखणारे, आणि ज्यांच्याशी यजमान मोकळेपणी बोलू शकतात असे, आता ते एकटेच उरले आहेत असे तुम्ही लिहिता. पुढच्या खेपेला माहेरी याल तेव्हा सगळ्यांनी तिथे जा. थंडीत अर्धी वसाहत स्वेटर विकायला गावोगाव गेलेली असते, म्हणून लोसरच्या, म्हणजे तिबेटी नववर्षाच्या सुमारास, माणसे परतल्यावर जा. परदेशी पासपोर्टवर वसाहतीत मुक्काम करायचा तर लागणाऱ्या परवानगीची चौकशी निघण्याआधी करून ठेवा. मामांना बहिणीच्या लहानपणाच्या गोष्टी विचारा, त्यांच्याच बोलीत, आणि लेकीच्या हातात रेकॉर्डर द्या. मामा आता ऐंशीच्या पुढे आहेत, तेव्हा तिकिटे याच महिन्यात काढा.